हेड गॅसकेट उडालं, पण कशामुळे? एका इंजिनाच्या इतिहासातून कारण शोधायला शिकताना

पीएच.डी.च्या मुलाखतीची तयारी करणारे बरेच जण मला विचारतात, "संशोधनाचा प्रश्न आणि संशोधनाचा विषय यात नेमका फरक काय?" व्याख्या सांगून हा फरक कळत नाही, त्यामुळे आज एक उदाहरण घेऊ. उदाहरण गॅरेजमधलं आहे. माझं एम.एस्सी. भौतिकशास्त्रात झालं आणि पीएच.डी. तंत्रज्ञानाच्या इतिहासात चालू आहे, तेव्हा माझ्याकडून यापेक्षा वेगळी अपेक्षा ठेवू नका.

समजा, एक गाडी चढावर गरम झाली. बॉनेट उघडलं तर वाफ. मेकॅनिक येतो, टाकीत डोकावतो, ऑईलचं झाकण उघडून बघतो आणि म्हणतो, "हेड गॅसकेट उडालं." वाक्य बरोबर आहे. पण हे कारण आहे का? की जे बिघडलं त्याचं फक्त नाव? गॅसकेट आपणहून उडत नाही. काहीतरी त्याला उडवतं. ते "काहीतरी" शोधायला लागलात की तुम्ही विषयाकडून प्रश्नाकडे निघालात.

आधी वस्तू समजून घेऊ. इंजिनाचे दोन मोठे भाग: खाली ब्लॉक, ज्यात पिस्टन वरखाली होतात, आणि वर हेड, ज्यात व्हॉल्व्ह असतात. दोन्हींच्या मधल्या सपाट सांध्यात कागदासारखं पातळ गॅसकेट बसतं. या एका चकतीला तीन गोष्टी एकमेकींपासून वेगळ्या ठेवायच्या असतात: सिलिंडरमधला जळता वायू, इंजिन थंड ठेवणारं पाणी म्हणजे कूलंट, आणि ऑईल. आकडा घेऊन बघा. ८० मिमी व्यासाच्या सिलिंडरमध्ये ज्वलनाचा दाब वातावरणाच्या पन्नास-साठ पट गेला, तर हेडला वर ढकलणारं बल अडीच ते तीन टनांच्या वजनाइतकं होतं. इंजिन मिनिटाला ३००० फेरे फिरत असेल तर प्रत्येक सिलिंडरमध्ये हे सेकंदाला २५ वेळा घडतं. सांध्याच्या एका बाजूला ज्वाळा आणि काही मिलिमीटरवर पाणी. सांधा टिकतो याचंच खरं तर आश्चर्य वाटायला हवं.

म्हणूनच सुरुवातीच्या अनेक इंजिनवाल्यांनी हा सांधाच नको असं ठरवलं. हेड आणि सिलिंडर एकाच ओतकामात. सांधा नाही, म्हणजे गळतीही नाही. पण मग व्हॉल्व्ह घासायचे असले की सगळं इंजिन उलगडायचं. १९०८ च्या फोर्ड मॉडेल टीने उलटी वाट धरली: चारही सिलिंडर एका ब्लॉकमध्ये आणि वरचं हेड बोल्ट काढून उचलता येईल असं. ज्याच्याजवळ पाना आहे त्या शेतकऱ्याला आपलं इंजिन स्वतः उघडता यावं, हा त्यातला मोठा फायदा. दुसरी वाट मात्र संपली नाही. १९२० च्या दशकातल्या डब्ल्यू. ओ. बेंटलीच्या गाड्यांची हेड निघतच नसत, आणि अमेरिकेतल्या शर्यती गाजवणाऱ्या ऑफेनहाउझर इंजिनातही हेड-ब्लॉक एकसंध होते. म्हणजे हेड गॅसकेट हा निसर्गनियम नाही, तो एक सौदा आहे. दुरुस्ती सोपी हवी म्हणून आपण एक कच्चा सांधा पत्करला. इतिहासाच्या दृष्टीने मला हा मुद्दा फार महत्त्वाचा वाटतो, कारण "बिघाड" म्हणून आपण ज्याचा अभ्यास करतो तो बऱ्याचदा कुणीतरी विचारपूर्वक घेतलेल्या निर्णयाची किंमत असतो.

मॉडेल टीचं इंजिन २.९ लिटरचं, ताकद जेमतेम २० अश्वशक्ती. म्हणजे लिटरमागे सात. तांब्याच्या दोन पातळ पत्र्यांमध्ये ॲस्बेस्टॉस भरलेलं गॅसकेट एवढ्या दाबाला सहज पुरायचं. ॲस्बेस्टॉस जळत नाही, दाबलं की खड्ड्यांत बसतं, आणि स्वस्त. पुढची कित्येक दशकं जगभरच्या गॅसकेटच्या पोटात तेच होतं. आपल्याकडची ॲम्बॅसेडर आठवा. तिचं १४८९ सीसीचं इंजिन म्हणजे ब्रिटिश बी-सिरीज. ब्लॉक बिडाचा, हेडही बिडाचं. दोन्ही एकाच धातूचे, त्यामुळे तापल्यावर साधारण सारखेच फुगणार. वजन भरपूर, पण सांध्याला सुख.

इथे थोडं थांबून एक कडवट गोष्ट सांगायला हवी. गॅसकेटच्या तांत्रिक इतिहासात ॲस्बेस्टॉस हे "यशस्वी साहित्य" म्हणून येतं, आणि गळती थांबवायच्या निकषावर ते यशस्वी होतंच. पण शीट कापताना, जुनं चिकटलेलं गॅसकेट पटाशीने खरवडताना उडणारी धूळ कुणाच्या छातीत गेली, हे त्या इतिहासात येत नाही. १९६० मध्ये वॅगनर आणि सहकाऱ्यांनी दक्षिण आफ्रिकेतून मेसोथेलिओमा आणि ॲस्बेस्टॉसचा संबंध दाखवला, १९६४ मध्ये सेलिकॉफ यांनी अमेरिकेतल्या इन्सुलेशन कामगारांचा अभ्यास मांडला. अमेरिकेच्या पर्यावरण संस्थेचा १९८९ चा बंदीचा नियम १९९१ मध्ये न्यायालयात बहुतांशी रद्द झाला. क्रिसोटाईलवरचा नवा नियम यायला २०२४ उजाडलं, आणि त्यात शीट गॅसकेटचा स्पष्ट उल्लेख आहे. आपल्या सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये ॲस्बेस्टॉस कामगारांच्या प्रकरणात आरोग्याचा हक्क हा जगण्याच्या हक्काचा भाग मानला, तरी क्रिसोटाईलची आयात देशात आजही होते. तुमच्यापैकी कुणाला विषय हवा असेल तर हा घ्या. गॅरेजमधल्या कामगाराचा श्वास आणि सुट्या भागांचा बाजार, दोन्ही एकत्र वाचणारं काम मराठीत व्हायला हवं.

निदान म्हणजे पुरावा तोलणं

आता मेकॅनिककडे परत. गॅसकेट गेलं हे तो कशावरून ठरवतो? कूलंट कमी होतं पण खाली थेंब दिसत नाही. सायलेन्सरमधून गोडसर वासाचा पांढरा धूर. टाकीत बुडबुडे. ऑईलच्या झाकणाखाली दुधाळ चहासारखा फेस. यातलं प्रत्येक लक्षण एकटं फसवं आहे. थंडीत गाडी रोज दोन-दोन किलोमीटरच चालवली तर इंजिन पुरतं तापतच नाही, आतली वाफ झाकणाला धरते आणि तोच फेस तयार होतो, गॅसकेट अगदी ठणठणीत असताना. सकाळी निघणारा पांढरा धूर हा कित्येकदा नुसता दवबिंदूचा मामला असतो.

म्हणून चाचण्या. मला सगळ्यात आवडते ती निळ्या द्रवाची. त्यात ब्रोमोथायमॉल ब्लू असतं, तुम्ही बी.एस्सी.च्या प्रयोगशाळेत वापरलेलं तेच. पीएच ७.६ च्या वर निळं, ६ च्या खाली पिवळं. इंजिन चालू ठेवून कूलंटच्या वरची हवा या द्रवातून ओढायची. हवेत ज्वलनातला कार्बन डायऑक्साइड मिसळला असेल तर कार्बोनिक आम्ल बनतं आणि रंग हिरव्यावरून पिवळ्याकडे जातो. पाण्यात जळका वायू सापडला, म्हणजे कुठेतरी वाट फुटली आहे.

पण रंग बदलला नाही तर? इथे परीक्षेला बसलेल्या मुलांची गाडी नेहमी अडकते. रंग न बदलणं म्हणजे गॅसकेट चांगलं, असं होत नाही. गळती फक्त ऑईल आणि पाण्याच्या वाटांमध्ये असेल तर जळका वायू पाण्यात येणारच नाही आणि चाचणी निर्दोष सोडेल. उलट बाजूनेही बघा: रंग बदलला तरी वाट गॅसकेटमधूनच फुटली असं नाही, हेडला तडा गेला असेल तरी हेच दिसेल. म्हणून जोडीला कॉम्प्रेशन तपासतात. शेजारशेजारच्या दोन सिलिंडरांचा दाब एकत्र पडला असेल, तर त्यांच्या मधली गॅसकेटची अरुंद पट्टी गेल्याचा संशय बळावतो. किंवा सिलिंडरमध्ये कॉम्प्रेसरची हवा भरून टाकीत बुडबुडे येतात का ते पाहतात. प्रत्येक चाचणी एक वेगळा प्रश्न विचारते. तुमच्या प्रबंधातल्या "पद्धती" या प्रकरणात नेमकं हेच लिहायचं असतं: माझी पद्धत काय पकडते आणि तिच्या जाळ्यातून काय निसटतं.

के-सिरीज

आता मुख्य प्रकरण. १९८० च्या दशकात ब्रिटनच्या रोव्हर कंपनीने एक नवं छोटं इंजिन आखलं, के-सिरीज. १९८८ मध्ये ते लोकांसमोर आलं आणि नंतर रोव्हर २०० सारख्या गाड्यांत बसलं. कारखाना बर्मिंगहॅमजवळचा लाँगब्रिज. आखणी धाडसी होती. जवळजवळ सगळं ॲल्युमिनियम, आणि थरांवर थर रचलेले: हेड, ब्लॉक, बेअरिंगची शिडी, तळाशी ऑईल रेल. दहा लांबलचक बोल्ट हेडच्या वरून शिरतात आणि हे सगळे थर पार करून थेट तळाच्या रेलमध्ये आवळले जातात. सँडविचला दहा काड्या टोचल्यासारखं.

यामागचा विचार हुशारीचा आहे. ओतीव ॲल्युमिनियम ताण सोसायला कच्चं, दाब सोसायला बरं. बोल्टांनी सगळ्या थरांना कायम दाबाखाली ठेवलं तर भिंती पातळ करता येतात आणि वजन उतरतं. शिवाय लांब बोल्ट थोडा स्प्रिंगसारखा वागतो. ॲल्युमिनियम तापल्यावर स्टीलच्या जवळपास दुप्पट फुगतं. १०० मिमी जाडीत ८० अंशांच्या फरकाला दोघांत सुमारे ०.०९ मिमीची तफावत पडते. आखूड, ताठ बोल्टावर यामुळे ताण एकदम चढतो, लांब बोल्टावर कमी. कागदावर सगळं चोख.

पहिली इंजिनं १.१ आणि १.४ लिटरची होती, १.४ चा सिलिंडर ७५ मिमीचा. मग बाजाराला मोठी इंजिनं हवी झाली आणि १९९० च्या दशकाच्या मध्यात त्याच कुटुंबातून १.६ आणि १.८ लिटर काढली गेली. सिलिंडर ८० मिमी. ब्लॉकचा बाहेरचा आकार वाढवायचा नव्हता, म्हणून जागा आतूनच काढली. सिलिंडरचे लाईनर खालच्या अर्ध्यात ब्लॉकमध्ये बसतात, वरचा भाग पाण्यात उभा. प्रत्येक लाईनरची कड ब्लॉकच्या पृष्ठभागापेक्षा केसाइतकी वर ठेवलेली असते, म्हणजे बोल्टांचा दाब आधी तिच्यावर येतो आणि वायू अडतो. १९९५ च्या एमजीएफ गाडीतलं या इंजिनाचं वरचं रूप १४५ अश्वशक्तीचं होतं, म्हणजे लिटरमागे ऐंशी. मॉडेल टीचे सात आठवा.

आणि मग ही इंजिनं गॅसकेट उडवण्यासाठी बदनाम झाली. विशेषतः १.८, विशेषतः फ्रीलँडर आणि एमजीएफमध्ये. का, याची उत्तरं मात्र एकेकाची वेगळी, आणि माझ्या दृष्टीने या प्रकरणातली खरी मेजवानी तीच आहे.

एक उत्तर गॅसकेटकडे बोट दाखवतं. मूळ गॅसकेट एका पातळ पत्र्याचं, पाण्याच्या आणि ऑईलच्या वाटांभोवती रबरासारख्या पदार्थाच्या कडा चिकटवलेल्या. या कडा सुटायच्या. दुसरं उत्तर हेड आणि ब्लॉक जुळवणाऱ्या पिनांकडे जातं: एका टप्प्यावर त्या प्लॅस्टिकच्या होत्या, पुढे स्टीलच्या आल्या. प्लॅस्टिकच्या पिना हेडला आडवं सरकण्यापासून नीट धरत नाहीत, आणि सरकणारं हेड रबरी कडांना चोळतं. तिसरं उत्तर थर्मोस्टॅटकडे. तो इंजिनाच्या बाहेर जाणाऱ्या गरम पाण्याच्या वाटेवर नव्हता, आत येणाऱ्या थंड पाण्याच्या वाटेवर होता. इंजिनात पाणी मुळातच कमी. थर्मोस्टॅट उघडला की रेडिएटरमधलं गार पाणी तापलेल्या ब्लॉकवर येणार, पुन्हा बंद, पुन्हा उघडणार. एमजीएफचं इंजिन सीटच्या मागे आणि रेडिएटर पुढे, त्यामुळे पाइप लांब आणि त्यात हवा अडकायची भीती. कंपनीने पुढे दाबावर उघडणारा वेगळ्या जागी बसवायचा थर्मोस्टॅट आणला, यावरून हे उत्तर कंपनीलाही काही अंशी पटलं होतं असं मी धरते.

चौथं उत्तर आणखी मागे नेतं. इनटेक मॅनिफोल्डच्या साध्या गॅसकेटमधून थेंबथेंब पाणी गळतं. आधीच थोडं असलेलं पाणी आणखी कमी होतं. पातळी कळवणारा दिवा नाही, आणि तापमानाचा सेन्सर पाण्याबाहेर पडला तर काटा निवांत मधोमध दाखवत राहतो. चालकाला पत्ता लागतो तेव्हा हेड वाकलेलं असतं. पाचवं उत्तर लाईनरचं: तो बसतो ती ॲल्युमिनियमची कड अतितापाने दबली की लाईनर खाली जातो, आणि केसाइतकी उंची गेली की त्याच्यावरचा दाबही गेला.

तुम्ही म्हणाल, मग बरोबर कोण? मी उलट विचारेन, यातली किती उत्तरं एकमेकांना खोडतात? जवळपास एकही नाही. ती एकाच साखळीच्या वेगवेगळ्या कड्या आहेत. गॅसकेट शेवटी उडालं, पाणी आधी गेलं, लाईनर मधे कुठेतरी बसला, आणि जागा काटकसरीत काढायचा निर्णय त्याच्याही कितीतरी आधी झाला. कुठल्या कडीला "कारण" म्हणायचं हे विचारणारा कोण आहे त्यावर ठरतं. मेकॅनिकला आज बदलता येईल ती कडी हवी. मालकाला बिल कुणी भरायचं ते हवं. अभियंत्याला पुढच्या आवृत्तीत सुधारता येईल ती हवी. इतिहासकाराला, निदान मला, तो क्षण हवा असतो जेव्हा वेगळा निर्णय शक्य होता.

काम करताना कळलेलं

गॅसकेट बदलायची रीत वाचली की इंजिनाचा स्वभाव कळतो. कूलंट काढा, इंजिन पूर्ण थंड होऊ द्या, टायमिंग बेल्ट आणि मॅनिफोल्ड सोडवा, बोल्ट ठरलेल्या क्रमाने थोडे थोडे सैल करा. इथवर कुठल्याही इंजिनासारखं. पण के-सिरीजचं हेड सरळ वर ओढायचं नसतं. तरफेने कलतं करून आधी सांधा मोडायचा असतो, नाहीतर हेडला चिकटलेले लाईनर जागचे हलतात. हेड निघाल्यावर क्रँक फिरवायची नाही, लाईनर क्लॅम्प लावून धरून ठेवायचे. मग हेडवर सरळ पट्टी ठेवून फिलर गेजने वाकलंय का ते बघायचं, मर्यादा ०.०५ मिमीची. त्यापुढे असेल तर फेसिंगला पाठवा. आणि बसवताना बोल्ट आधी २० न्यूटन-मीटरला आवळायचे, मग प्रत्येकी १८० अंश, मग पुन्हा १८० अंश.

हे अंश कशाला? पदार्थविज्ञानाचा एक छोटा आडरस्ता घेते. पान्यावर लावलेल्या जोरातला सुमारे ९० टक्के भाग बोल्टाच्या डोक्याखालचं आणि आट्यांमधलं घर्षण खातं. बोल्ट ताणायला जेमतेम दहावा हिस्सा उरतो. आट्यांना थोडं ऑईल कमी-जास्त लागलं की तोच टॉर्क दाखवूनही पकड वेगळी बसते. कोन मात्र घर्षणाने फसत नाही: अमुक इतका फिरला म्हणजे आट्यांच्या मापाने अमुक इतका खाली आला. टॉर्क हे आपल्याला मोजायला सोपं पडतं, पण हवी असते ती पकड. मोजतोय ते आणि हवंय ते यातलं हे अंतर तुम्हाला तुमच्या स्वतःच्या विषयातही सापडेल. शोधा.

पुढे बहुस्तरीय स्टीलचं गॅसकेट, जास्त मजबूत ऑईल रेल आणि बोल्ट आले. पण स्टीलच्या गॅसकेटला पृष्ठभाग गुळगुळीत लागतो आणि सगळ्या लाईनरची उंची सारखी लागते. लाईनर खाली गेलेल्या इंजिनात हे भारी गॅसकेट टाकलं तरी ते टिकायची खात्री नाही. म्हणजे पाचव्या कडीचा बिघाड पहिल्या कडीच्या औषधाने जात नाही.

आता साधनांबद्दल थोडं. या विषयावर सर्वाधिक मजकूर कुणी लिहिला? ज्यांची गाडी बंद पडली त्यांनी. ज्याचं गॅसकेट शाबूत राहिलं तो कशाला लिहील? त्यामुळे तक्रारींच्या ढिगावरून "किती टक्के इंजिनं बिघडली" असं लिहू नका. त्या ढिगात भाजकच नसतो. मात्र बिघाड कोणत्या क्रमाने उलगडला, कुणाला काय सांगण्यात आलं, कोण किती खर्चात पडलं, यासाठी तोच ढीग सोन्यासारखा आहे. पेटंटमध्ये उलट: तिथे सगळं चालतं, काहीच बिघडत नाही. सर्व्हिस बुलेटिन या दोन्हींच्या मधलं. त्यात कंपनी चूक मान्य करत नाही, पण "यापुढे हा भाग वापरा" असं म्हणते.

एमजी रोव्हर एप्रिल २००५ मध्ये कोसळली. सगळा दोष या गॅसकेटवर टाकणारे लेख तुम्हाला मिळतील. मला ते पटत नाहीत. पैशाची तंगी, जुनी पडलेली मॉडेलं, भागीदारीचे फसलेले प्रयत्न, कितीतरी गोष्टी होत्या. त्याच तंगीच्या काळात, २००३ मध्ये, कंपनीने पुण्यात बनलेली टाटा इंडिका "सिटीरोव्हर" नावाने ब्रिटनमध्ये विकायला काढली. तिच्यात के-सिरीज नव्हतं, टाटांचंच १.४ लिटरचं इंजिन होतं. पिंपरीतल्या कुणाच्या घरी त्या निर्यातीच्या काळातले कागद, प्रशिक्षणाच्या वह्या, फोटो असतील तर ते रद्दीत जायच्या आधी कुणीतरी बघायला हवेत. के-सिरीजचं पुढचं रूप चीनमध्ये गेलं, तिथे स्टीलच्या गॅसकेटसह बनत राहिलं.

सुरुवात कुठून करायची असं विचारत असाल, तर एक सोपं काम देते. कुठल्याही एका इंजिनाच्या वर्कशॉप मॅन्युअलची जुनी आणि नंतरची आवृत्ती मिळवा. लॅमिंग्टन रोडला किंवा जुन्या बाजारात मिळतात. हेड गॅसकेटचं पान दोन्हींत उघडून शेजारी ठेवा आणि फक्त बदललेली वाक्यं पेन्सिलीने अधोरेखित करा. टॉर्क बदललाय का, क्रम बदललाय का, "जुने बोल्ट पुन्हा वापरू नयेत" ही ओळ नव्याने आली आहे का. प्रत्येक बदलापुढे एकच प्रश्न लिहा: हे बदलायला लावणारं पत्र कुठून आलं असेल?